अडवतंय कोण?

वाकोला पुलाकडून दत्त मंदिर रोडने आत शिरले की औषधांची दुकाने, दातांचे दवाखाने आणि पॅथॉलॉजी लॅबच्या पाट्यांमध्ये हल्ली फिजिओथेरपीची पाटीही हमखास दिसते. आतली जागा बहुधा एवढीशीच असते. पडद्याने विभागलेले दोन पलंग, ट्रॉलीवर आयएफटी आणि अल्ट्रासाउंडची यंत्रे, खांद्याच्या व्यायामासाठी भिंतीला लावलेले चाक, खुंटीला अडकवलेले रबरी पट्टे. सकाळी गुडघा बदललेल्या आजी येतात, संध्याकाळी दिवसभर संगणकासमोर बसून मान आखडलेली बीकेसीतली माणसे.

या खोलीतल्या कामावर गदा चार बाजूंनी येऊ शकते. फिजिओथेरपीची राज्य परिषद नोंदणी नाकारते. जिथे आधी नोकरी केली त्या सेंटरचा मालक करार पुढे करून "या भागात काम करायचे नाही" म्हणतो. सोसायटीचे सेक्रेटरी सांगतात, "मॅडम, रहिवासी इमारतीत धंदा चालणार नाही." किंवा कसलीही पदवी नसलेला कुणी समोरच्याच गाळ्यात फिजिओथेरपीची पाटी लावतो. चारही वेळा फिजिओथेरपिस्टच्या तोंडून एकच वाक्य निघते: "माझा व्यवसाय करण्याचा हक्क आहे, मी कोर्टात जाईन." हक्क खरोखरच आहे. पण या चार तक्रारींचे दरवाजे वेगवेगळे आहेत, आणि चुकीच्या दरवाजाशी घालवलेली दोन-तीन वर्षे कोणतेही कोर्ट परत देत नाही. म्हणून वकिलाकडे जायच्या आधीच एक गोष्ट नक्की करावी: आपल्याला अडवतंय कोण?

आधी हा हक्क येतो कुठून ते पाहू. राज्यघटनेच्या कलम १९(१)(छ) ने प्रत्येक नागरिकाला कोणताही पेशा, धंदा वा व्यापार करण्याचे स्वातंत्र्य दिले आहे. त्याच कलमाच्या सहाव्या खंडाने सरकारला त्या पेशासाठी पात्रता ठरवून देण्याची मुभा दिली आहे. ही पात्रता देणाऱ्या शिक्षणात मुंबईने देशाला वाट दाखवली. कमला निंबकर या मूळच्या अमेरिकन. निंबकरांच्या घरात लग्न होऊन त्या इथे आल्या आणि १९५० साली परळच्या केईएम रुग्णालयात त्यांनी ऑक्युपेशनल थेरपीची शाळा सुरू केली. पाठोपाठ काही वर्षांतच त्याच रुग्णालयात फिजिओथेरपीचे शिक्षण सुरू झाले. तो पोलिओचा काळ होता आणि लुळ्या पडलेल्या पायांना चालते करणाऱ्या हातांची शहराला निकड होती. शिक्षण असे लवकर आले, कायदा मात्र अर्ध्या शतकाने आला. महाराष्ट्राने 'महाराष्ट्र राज्य व्यवसायोपचार व भौतिकोपचार परिषद अधिनियम, २००२' केला आणि तो २००४ चा अधिनियम क्रमांक २ म्हणून पुस्तकात चढला. केंद्रात २००७ साली मांडलेले विधेयक मंजूर न होताच लोकसभेबरोबर संपले, आणि 'राष्ट्रीय संलग्न व आरोग्यसेवा व्यवसाय आयोग अधिनियम' अखेर २०२१ मध्ये आला. या केंद्रीय कायद्यात फिजिओथेरपिस्ट 'आरोग्यसेवा व्यावसायिक' या वर्गात मोडतो, आणि त्या वर्गासाठी तीन ते सहा वर्षांत किमान ३,६०० तासांचे शिक्षण सांगितले आहे.

त्या मधल्या पन्नास वर्षांत रीतसर शिकलेली माणसे आणि नुसती मालीश करणारी माणसे कायद्याच्या नजरेत जवळजवळ सारखीच होती. पदवी भिंतीवर टांगलेली असे, पण तिला नोंदवही नव्हती. आज परिषदेच्या नोंदवहीतला क्रमांक हाच या पेशाच्या हक्काचा कागदी पाया आहे. कोर्टातली प्रत्येक लढाई या क्रमांकापासून सुरू होते.

मग परिषदेनेच तो क्रमांक दिला नाही तर? परराज्यातल्या महाविद्यालयाची पदवी मान्य नाही म्हणून अर्ज परत आला, किंवा कुणाच्या तक्रारीवरून नाव काढून टाकले, तर दिवाणी दावा लावावा असे पुष्कळांना वाटते. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ चे कलम ९ वाचले की तसे वाटणे साहजिकही आहे. दिवाणी स्वरूपाचे सर्व दावे दिवाणी न्यायालय चालवील, असे ते कलम म्हणते. पण पुढे एक अट आहे: कायद्याने उघडपणे वा अध्याहृतपणे मनाई केली नसेल तर. ती मनाई कधी मानायची, याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी १९६८ साली 'धुलाभाई विरुद्ध मध्य प्रदेश राज्य' या खटल्यात दिले. खटला तंबाखूवरच्या कराचा होता, पण त्यातली सूत्रे आज प्रत्येक परिषदेच्या आणि प्राधिकरणाच्या वादात उद्धृत होतात. कायद्यानेच हक्क निर्माण केला आणि त्याच कायद्याने दाद मागायची पुरेशी सोय केली असेल, तर दिवाणी कोर्ट सहसा दूर राहते. मात्र त्या प्राधिकरणाने कायद्याच्या तरतुदीच पाळल्या नाहीत, किंवा म्हणणे न ऐकताच निर्णय दिला, तर दार पुरते बंद होत नाही.

व्यवहारात याचा अर्थ असा: आधी कायद्यातले अपील, आणि ते निष्फळ ठरले किंवा अन्याय ढळढळीत असला तर मुंबई उच्च न्यायालयात कलम २२६ खालची रिट याचिका. तिथे प्रतिवादी परिषद आणि राज्य शासन. साक्षीपुरावे नोंदवण्याचा लांब मार्ग टळतो, कारण वाद बहुतेक कागदांवरच असतो. नावाआधी 'डॉ.' लावण्याच्या वादाचेही तसेच. केंद्राच्या आरोग्यसेवा महासंचालनालयाने ९ सप्टेंबर २०२५ रोजी फिजिओथेरपिस्टांनी ही उपाधी लावू नये असे पत्र काढले आणि दुसऱ्याच दिवशी ते स्थगित ठेवले. असा प्रश्न धोरणाचा आहे. वाकोल्यातल्या एका दवाखान्याने एका शेजाऱ्यावर दावा लावून तो सुटणार नाही. तरीही कुणी हट्टाने शासनाविरुद्ध दिवाणी दावाच लावणार असेल, तर संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस आधी द्यावी लागते. निकड असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीवाचून दावा लावता येतो, पण शासनाला म्हणणे मांडायची संधी दिल्याशिवाय अंतरिम आदेश मिळत नाही.

पेशाच्या हक्काचे दावे महाराष्ट्राच्या दिवाणी कोर्टांना नवे नाहीत, हे इथे सांगायला हवे. एकोणिसाव्या शतकात मुंबई इलाख्यात ग्रामजोशी दावे लावत. गावातल्या यजमानाने लग्नाला दुसरा भटजी बोलावला, तरी दक्षिणा आपल्याला मिळालीच पाहिजे, कारण जोशीपण ही आपली वतनी वृत्ती आहे, असा त्यांचा दावा. आणि मुंबई उच्च न्यायालय तो मान्य करत असे. काम न करता कामाचे पैसे, आणि कुणाकडून काम करून घ्यायचे हे ठरवण्याचा यजमानाला अधिकार नाही, अशी ती व्यवस्था होती. सत्यशोधकी आणि ब्राह्मणेतर चळवळीने तिच्यावर सतत प्रहार केला. सीताराम केशव बोले यांनी मुंबईच्या विधिमंडळात विधेयक आणले आणि १९२६ च्या कायद्याने न बोलावलेल्या जोशाचा दक्षिणेवरचा हक्क संपवला.

हा इतिहास मला फार मोलाचा वाटतो, कारण आजच्या नोंदणीचे स्वरूप त्यावरून स्वच्छ दिसते. नोंदणी हे वतन नाही. वाकोल्यातले रुग्ण कुणाच्या मालकीचे नाहीत. दुसरी नोंदणीकृत फिजिओथेरपिस्ट शेजारच्या गाळ्यात आली, तिने फी निम्मी ठेवली आणि रुग्ण तिकडे गेले, तर पहिलीला कोणतेही कोर्ट दाद देणार नाही. व्यवसायातली स्पर्धा, तिने नुकसान झाले तरी, दाव्याचे कारण होत नाही.

समोरचा नोंदणीच नसलेला असेल तेव्हा मामला वेगळा. पण तिथेही दिवाणी दावा हा पहिला उपाय नव्हे. बिननोंदणीच्या व्यवसायाबद्दल परिषदेकडे लेखी तक्रार करावी, पाटीचे छायाचित्र, पावती, जाहिरातीचे कागद जोडावेत आणि पोलिसांकडेही प्रत द्यावी. दिवाणी कोर्टात अशा दाव्याला पहिला प्रश्न विचारला जातो: कायद्याचा भंग झाला हे ठीक, पण वादीचे स्वतःचे, इतरांहून वेगळे असे काय बिघडले? प्रतिवादी आपल्याच दवाखान्याच्या नावाशी मिळतेजुळते नाव वापरत असेल, आपला नोंदणी क्रमांक छापत असेल, तर उत्तर सोपे आहे आणि मनाई मिळू शकते. नुसते "तो भोंदू आहे" एवढे दाव्याला पुरत नाही. आणि खोट्या व्यवसायाचा खरा घाव बसतो रुग्णाला. मुंबईतल्या 'पूनम वर्मा विरुद्ध अश्विन पटेल' या खटल्यात होमिओपॅथीची पात्रता असलेल्या व्यावसायिकाने ॲलोपॅथीची औषधे दिली आणि रुग्ण १९९२ साली दगावला. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये ज्या पद्धतीचे शिक्षण नाही तिचा उपचार करणे हाच निष्काळजीपणा ठरवला आणि ३ लाख रुपये भरपाई दिली. तो निवाडा ग्राहक कायद्याखालचा होता, आणि तो फिजिओथेरपिस्टलाही तितकाच लागू पडेल असा आहे. हातात नोंदणी असली तरी जे शिकलो नाही ते करायचा हक्क त्यातून मिळत नाही.

जागेचे वाद थोडक्यात सांगतो, कारण तिथे मुख्य प्रश्न कोर्ट निवडण्याचाच असतो. वाकोल्याच्या इमारतींचे कागद काढले तर त्यांवर 'मौजे कोले कल्याण, तालुका अंधेरी' असे लिहिलेले असते आणि दाव्यातही जागेचे वर्णन तसेच करावे लागते. सदनिका स्वतःची आणि आडवी आली सोसायटी, तर वाद बहुतेक वेळा महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातो आणि कलम १६३ दिवाणी कोर्टाला त्यात पडू देत नाही. जागा भाड्याची किंवा लिव्ह ॲण्ड लायसन्सची आणि आडवा आला मालक, तर लघुवाद न्यायालय. उपनगरवासीयांसाठी त्याची शाखा वांद्रे पूर्वेला आहे, अनंत काणेकर मार्गावर. या दोन्ही प्रकारांत दिवाणी कोर्टात भलता दावा नेला तर समोरचा वकील संहितेच्या आदेश ७ नियम ११ खाली वादपत्रच फेटाळावे असा अर्ज करतो, आणि तो बहुधा मंजूर होतो.

आता खरा दिवाणी दावा. या पेशात तो सर्वांत जास्त ज्या कारणाने उद्भवतो ते कारण म्हणजे नोकरीचा करार.

समजा, एका फिजिओथेरपिस्टने सांताक्रूझमधल्या एखाद्या सेंटरमध्ये तीन वर्षे नोकरी केली. रुजू होताना पाच-सहा पानी करारावर सही केली. त्यात एक कलम होते: नोकरी सोडल्यावर दोन वर्षे, सेंटरपासून पाच किलोमीटरच्या परिसरात, स्वतःच्या वा दुसऱ्याच्या नावाने फिजिओथेरपीचा व्यवसाय करणार नाही. वाचताना ते साधे वाटते. नकाशावर पाच किलोमीटरचे वर्तुळ काढले की त्यात वाकोला, कलिना, खार, विलेपार्ले, वांद्र्याचा बराचसा भाग आणि कुर्ल्याचीही एक कड येते. राहायला वाकोल्यात असलेल्या आणि घरी लहान मूल असलेल्या बाईसाठी हे कलम म्हणजे पेशातून हकालपट्टीच. तिने नोकरी सोडली, वाकोल्यात खोली घेतली, पाटी लावली. महिन्याभरात सेंटरच्या वकिलाची नोटीस आली.

नोटीस आल्यावर पहिले काम उत्तर देणे, आणि दुसरे, तितकेच महत्त्वाचे काम म्हणजे कॅव्हेट दाखल करणे. संहितेच्या कलम १४८अ खाली कॅव्हेट घातले की ९० दिवस आपल्याला कळवल्याशिवाय एकतर्फी आदेश होत नाही. हा कागद दोन-चार पानांचा असतो, खर्च किरकोळ असतो, आणि तरी लोक तो घालायचे विसरतात.

सेंटरचा दावा येतो मुंबई शहर दिवाणी न्यायालयात. १९४८ च्या कायद्याने स्थापन झालेल्या या न्यायालयात २०१२ आधी फक्त ५० हजार रुपयांपर्यंतचे दावे चालत, मग ती मर्यादा एक कोटीवर गेली आणि आता दहा कोटींवर. उपनगरांतले दावे मुख्यतः गोरेगाव पूर्वेच्या दिंडोशी इथल्या इमारतीत चालतात. दाव्यात मागणी दोन गोष्टींची असते: कायम मनाई आणि नुकसानभरपाई. सोबत 'नोटिस ऑफ मोशन', म्हणजे दाव्याचा निकाल लागेपर्यंत दवाखाना बंद ठेवण्याच्या तात्पुरत्या मनाईचा अर्ज. खरी लढाई इथेच होते. मूळ दावा कित्येक वर्षे चालतो आणि कराराची दोन वर्षे त्याआधीच सरून जातात, त्यामुळे बोर्डावर येणाऱ्या पहिल्या काही तारखांतच दवाखान्याचे भवितव्य ठरते.

आदेश ३९ खाली न्यायाधीश तीन गोष्टी तपासतात: प्रथमदर्शनी बाजू कुणाची, मनाई दिल्याने वा नाकारल्याने जास्त गैरसोय कुणाची, आणि पैशाने भरून न निघणारे नुकसान कुणाचे. एकतर्फी आदेश द्यायचा तर न्यायाधीशांना कारणे लिहावी लागतात, वादीला कागद लगेच प्रतिवादीकडे पाठवावे लागतात, आणि अर्ज ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा लागतो. फिजिओथेरपिस्टने या टप्प्यावर शपथपत्रासोबत नोंदणी प्रमाणपत्र, पदवी, राजीनामा, तो स्वीकारल्याचे पत्र, शेवटच्या पगाराची पावती आणि जागेचा करार जोडावा. शपथपत्र बहुधा इंग्रजीत असते. सही करण्याआधी त्यातले प्रत्येक वाक्य मराठीत समजावून घ्यावे, कारण पुढे उलटतपासणीत प्रश्न त्याच वाक्यांवर येतात.

तिची प्रथमदर्शनी बाजू भक्कम आहे, आणि ती भक्कम आहे भारतीय करार अधिनियम, १८७२ च्या कलम २७ मुळे. कुणालाही कायदेशीर पेशा, धंदा वा व्यापार करण्यापासून रोखणारा करार त्या मर्यादेपर्यंत निरर्थक, असे ते कलम सांगते. इंग्लंडमध्ये असे कलम वाजवी आहे का हे कोर्ट तपासते. आपल्याकडे, नोकरी संपल्यानंतरच्या बंदीला वाजवीपणाची ती सवलतही नाही. श्रीरामपूरचा क्रिकेटपटू जहीर खान याच कायद्यामुळे मोकळा झाला. परसेप्ट डी-मार्क कंपनीशी त्याचा २००० मध्ये करार झाला होता आणि २००३ मध्ये तो संपला. संपल्यावरही दुसऱ्या कुणाशी करार करण्याआधी आम्हाला विचारायचे, अशी अट होती. मुंबई उच्च न्यायालयाच्या एकसदस्य पीठाने त्याला रोखले, खंडपीठाने तो आदेश उलटवला आणि २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खंडपीठाचे बरोबर ठरवले. करार संपल्यानंतर चालू राहणारी बंदी कलम २७ ला टिकत नाही.

मालकाच्या वकिलाच्या हातात मात्र दुसरा निवाडा असतो, आणि तोही आपल्याच मुलखातला. निरंजन शंकर गोलिकरी हे कल्याणजवळच्या सेंच्युरी रेयॉनमध्ये टायर कॉर्ड विभागात पाच वर्षांच्या करारावर कामाला होते. मुदत संपायच्या आधीच ते सोडून कोट्याच्या प्रतिस्पर्धी कंपनीत गेले. दावा कल्याणच्या कोर्टात लागला, मनाई झाली आणि १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. फरक मुदतीचा आहे. करार चालू असताना दुसरीकडे काम न करण्याची अट टिकते, करार संपल्यावरची टिकत नाही. म्हणून नोकरीत असतानाच संध्याकाळी वाकोल्यात स्वतःचे रुग्ण तपासायला सुरुवात केली असेल, तर गोलिकरी खटला तिच्यावर उलटतो. ठरलेली मुदत पुरी न करता सोडल्याबद्दल ठरलेली रक्कम भरण्याचा बाँडही वेगळा: सर्वोच्च न्यायालयाने मे २०२५ मध्ये 'विजया बँक विरुद्ध प्रशांत नारनवरे' खटल्यात तीन वर्षे पुरी न केल्यास २ लाख रुपये देण्याची अट वैध धरली.

तसेच रुग्णांच्या यादीचे. कामावरून निघताना सेंटरच्या संगणकातून नावे, फोन नंबर आणि उपचारांच्या नोंदी उतरवून नेल्या असतील, तर कलम २७ तिथे तारणार नाही, आणि ती यादी वापरण्यास मनाई होऊ शकते. पण स्वतःहून शोधत आलेल्या रुग्णाला परत पाठवायला कोर्ट सांगत नाही. माझ्या मते बहुतेक सेंटरांची खरी तक्रार यादीबद्दलची असते आणि वकील ती पाच किलोमीटरच्या कलमात गुंडाळून मांडतात. न्यायाधीशांपुढे या दोन गोष्टी वेगळ्या करून दाखवणे हे बचावाचे अर्धे काम आहे.

मोशनचा निकाल विरुद्ध गेला तर आदेश ४३ खाली उच्च न्यायालयात अपील होते. मूळ दाव्यात समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत, फार तर ९० दिवसांत लेखी कैफियत द्यायची. मग कोर्ट मुद्दे काढते, साक्षीदारांची मुख्य तपासणी शपथपत्रावर होते, उलटतपासणी, युक्तिवाद आणि हुकूमनामा. प्रतिवादीने केवळ बचाव न करता, आपण स्वतंत्र व्यवसाय करण्यास पात्र आहोत अशी घोषणा प्रतिदाव्यात मागायची असेल, तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ३४ प्रमाणे नुसती घोषणा मागून भागत नाही. जी मनाई मागता येण्याजोगी होती ती सोबत मागितली नाही, तर घोषणाही नाकारली जाते.

कलम २७ ला एकच लिखित अपवाद आहे, आणि दवाखाना विकत घेणाऱ्याने वा विकणाऱ्याने तो लक्षात ठेवावा. निवृत्तीकडे झुकलेल्या फिजिओथेरपिस्टने वाकोल्यातला दवाखाना नावलौकिकासकट विकला, तर ठराविक हद्दीत तसाच व्यवसाय करणार नाही, ही अट हद्द वाजवी असेल तर टिकते. भागीदारी सोडणाऱ्यावरही भागीदारी अधिनियम, १९३२ खाली वाजवी मुदतीची व हद्दीची बंदी घालता येते. म्हणून खरेदीखतात यंत्रे, पलंग आणि जागेची किंमत एका रकान्यात आणि नावलौकिकाची किंमत वेगळ्या रकान्यात लिहावी, आणि बंदीची हद्द 'पाच किलोमीटर' अशी मोघम न ठेवता रस्त्यांच्या नावांनी लिहावी.